तात्या म्हणाले, रिकामी हाय

मी कोल्हापुरात बंदुकीच्या दुकानात रिपेअरिंगच्या टेबलावर बसतो. लोकांना वाटतं आमच्याकडं दिवसभर कोण ना कोण नवीन पिस्तुल बघायला येत असेल, तसं काय नसतं. येणारे निम्म्याच्या वर जमा करायला येतात. निवडणूक लागली की आचारसंहितेत पोलीस ठाण्यातून निरोप जातो म्हणून येतात, नाहीतर परवान्याची मुदत संपली म्हणून, आणि बरेचजण घरातला परवानावाला माणूस वारला म्हणून. १९५९ च्या शस्त्र कायद्यात कलम २१ आहे, परवाना संपला किंवा माणूसच गेला की हत्यार घरात ठेवता येत नाही, पोलीस ठाण्यात नाहीतर परवानाधारक दुकानात जमा करायचं. वारस मग पुढं स्वतःच्या नावावर परवाना काढतो किंवा विकून टाकतो.

आता या वारलेल्या माणसांच्या बंदुकांची गंमत अशी की ज्याला ती बंदूक माहीत होती तोच नसतो. आणणाऱ्याला एवढंच ठाऊक असतं की आबा दसऱ्याला पूजेत ठेवायचे.

तर उन्हाळ्यातली दुपार, मालक जेवायला घरी गेलेले, दुकानात मी आणि आमचा शिकाऊ पोरगा. एक प्राथमिक शाळेचे मास्तर आले, चाळिशीचे असतील, हातात पोलीस ठाण्याचं पत्र, सगळी कागदं फाईलमध्ये व्यवस्थित लावलेली. मागं त्यांचे चुलते, धोतर, टोपी, खांद्यावर वाकळेत गुंडाळलेली लांबडी वस्तू. ते आत आले आणि वाकळ धाडकन काउंटरवर ठेवली, तोंड सरळ माझ्या पोटाकडं. मी बाजूला सरकलो आणि म्हटलं तात्या जरा फिरवून ठेवूया, तर म्हणाले, "आरं भिऊ नगंस, रिकामी हाय. मी सोता बोल्ट वढून बघिटलाय."

हे वाक्य मी इतक्यांदा ऐकलंय की आता त्याचा कानावर परिणामच होत नाही. मी कुणाच्या रिकामी-म्हणण्यावर बंदूक हातात घेत नाही, मालकांच्या पण नाही आणि मालक माझ्या पण म्हणण्यावर घेत नाहीत, त्यात कुणाला राग यायचं कारण नाही. आमच्या टेबलाशेजारी वाळूनं भरलेलं पिंप असतं, कुठलंही हत्यार आलं की पहिल्यांदा त्याचं तोंड पिंपाकडं, मग बाकी सगळं.

वाकळ सोडली. .३१५ बोअरची रायफल, बोअर म्हणजे नळीच्या भोकाचं माप, इशापूरच्या सरकारी कारखान्याची, जुनी पण देखणी, लाकडाला तेलाची लकाकी. ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी, इंग्रजांच्या काळात फौजेच्या बोअरची रायफल साध्या माणसाला ठेवता येत नव्हती, .३०३ तर आजही प्रतिबंधित बोअरच आहे, म्हणून मग .३१५ हा वेगळा बोअर चालला आणि आपल्याकडच्या पाटील-इनामदारांच्या घरात बोल्टची, म्हणजे मागचा सरकता दांडा हातानं ओढून भरायची, रायफल म्हटलं की बहुतेक हीच सापडते. यंत्र मात्र इंग्रज फौजेच्या ली-एनफिल्ड रायफलीच्याच घाटाचं, पोलिसांच्या जुन्या .३०३ सारखं, मॅगझिन पाच काडतुसांचं.

मागची गुंडी पुढं होती, म्हणजे कॉक केलेली नव्हती. हे एक बरं. पण गुंडी पुढं असणं म्हणजे रिकामी असणं नव्हे, एवढंच कळतं की काडतुसावर ठोका मारणाऱ्या पिनचा स्प्रिंग ताणलेला नाही. बोट चापाच्या कडीच्या बाहेर ठेवून बोल्टची दांडी वर केली आणि मागं ओढला, सरकन आला, काहीच बाहेर पडलं नाही. मॅगझिनमध्ये बघितलं, रिकामं.

तात्या म्हणाले, "बघ, म्या काय म्हनलं व्हतं."

आमचा पोरगा पण पावती पुस्तक काढायला लागला. मी करंगळी आत घातली, नळीच्या मागच्या तोंडाशी, जिथं काडतूस बसतं तिथं. रिकामी असली तर करंगळी त्या भोकात आत जाते. माझी गेली नाही. सपाट, थंड, जरा चिकट असं काहीतरी लागलं. टॉर्च मारली तर काळपट हिरवी गोल चकती, कडेला पितळेची बारीक रेघ. काडतुसाचं बूड. इतकं कळकलेलं आणि तेलानं-धुळीनं माखलेलं की वरवर बघणाऱ्याला तो नळीचाच भाग वाटावा.

मी पोराला फक्त एवढंच म्हटलं की शटर अर्धं ओढ आणि या दोघांना बाहेर बाकड्यावर बसव, तू पण तिकडंच थांब. त्याला माझ्या आवाजावरून कळलं. तात्यांना नाही कळलं, ते म्हणत होते गोळी असती तर बोल्ट वढल्यावर भाईर नसती का पडली. प्रश्न बरोबर आहे. पडायलाच पाहिजे. बोल्टच्या मुंडक्याला एक आकडी असते, एक्स्ट्रॅक्टर, ती काडतुसाच्या बुडाची कड पकडते आणि बोल्ट मागं आला की काडतूस ओढून आणते. त्या आकडीला दाबून धरणारी एक बारकी पत्ती असते स्प्रिंगची, आणि या घाटाच्या रायफलीत ती पत्ती हा कच्चा दुवाच आहे, मोडते, नाहीतर मऊ पडते. पत्ती गेली की आकडी कडेवरून नुसती घसरते. बोल्ट येतो मागं, काडतूस राहतं जाग्यावर. परत बोल्ट पुढं ढकलला की रायफल परत भरलेली, आणि माणूस छातीठोक सांगणार की मी स्वतः उघडून बघितलं.

पुढचं काम शांतपणे करायचं असतं. पहिल्यांदा बोल्टच काढून टाकला, पूर्ण मागं ओढून मुंडकं वर उचललं की तो मागून निघतो. बोल्ट निघाला म्हणजे पिन निघाली, आता टोपीवर, म्हणजे काडतुसाच्या बुडातल्या ठोका बसला की पेटणाऱ्या भागावर, ठोका मारायला काही उरलंच नाही. निम्मी भीती तिथंच गेली. मॅगझिन पण काढून ठेवलं. मग बुडाच्या कडेनं गंज सोडवायचं तेल दोन थेंब, जास्त नाही, आणि थांबलो. नुसता थांबलो, चहा पण मागवला नाही. बाहेरून तात्यांचा आवाज येत होता, साखर कारखान्यात फिटर म्हणून त्यांची नोकरी झालेली, मशिनरी आपल्याला कोण शिकवणार असं पोराला सांगत होते.

नळीच्या तोंडाकडून पितळेची कांडी घालायची, लोखंडाची नाही, आणि ठोकायचं तर अजिबात नाही, बाजूला उभं राहून हातानं हळूहळू दाब द्यायचा. कांडी घालायच्या आधी नळीत दुसरं काही अडकलंय का ते बघायला लागतं, कारण भिंतीला टांगलेल्या बंदुकीत काय काय निघेल सांगता येत नाही. कुंभारीण माशीनं मातीचं घर केलेलं मी एकापेक्षा जास्त नळ्यांतून काढलंय, चिंध्यांचे बोळे तर नेहमीचे. अशी नळी न बघता कुणी फायर केली तर गोळीला पुढं वाट नाही आणि नळी फाटते, तोंड आणि हात तिथंच असतो. यात सुदैवानं काही नव्हतं. कांडी गोळीच्या टोकाला टेकली, दाबलं, जरा जास्त दाबलं, आणि कट्ट करून सुटलं. काडतूस मागं फडक्यावर आलं.

बुडावर केएफ वाचता आलं, म्हणजे आपल्या खडकीच्या कारखान्याचं. पण मी बघत बसलो ते टोपीकडं. टोपीवर मधोमध पिनचा ठसा होता. खोलगट, स्पष्ट.

शटर वर करून दोघांना आत घेतलं. मी तात्यांना विचारलं, तुम्ही बोल्ट ओढून बघितला, बंद केला, मग पुढं काय केलं? म्हणाले, "मग काय, चाप वढला. टिक वाजलं. रिकामी हाय म्हनूनच टिक वाजलं की."

"तोंड कुठं होतं?"

"वर. माळ्याकडं."

मास्तर म्हणाले, "माळ्यावर शेंगांची पोती आहेत आमच्या." मग जरा वेळानं म्हणाले, "पोरं पण असतात वर कधीकधी, सुट्टीत." तात्या काय बोलले नाहीत. मी काडतूस फडक्यावर ठेवून टोपीचा ठसा दाखवला, हात लावू नका म्हटलं. म्हाताऱ्यानं चष्मा काढून पुसला, परत घातला, वाकून बघितलं आणि खाली बसले.

का उडालं नाही? माझा अंदाज असा की वारलेल्या दादांनी, म्हणजे मास्तरांच्या वडिलांनी, नळीत सढळ हातानं तेल सोडलेलं, गंजू नये म्हणून, आणि तेच तेल वर्षानुवर्षं टोपीच्या फटीतून आत झिरपून आतली दारू मेली. जास्तीचं तेल काडतूस मारतं हे खरं आहे. पण मेलंच असेल हे धरून कुणी चालू नये. टिक वाजलं आणि गोळी सुटली नाही तर ती कधीकधी क्षणभर उशिरानं पण सुटते, म्हणून टिक नंतर तोंड आहे त्याच दिशेला धरून निदान अर्धा मिनिट हलायचं नाही, बोल्टला हात लावायचा नाही. लोक काय करतात, टिक वाजलं की पहिल्यांदा बंदूक आपल्याकडं वळवून बघतात काय झालं.

यानंतरचा तासभर मला खरं तर जास्त आवडला. मास्तरांना परवाना स्वतःच्या नावावर करायचा होता आणि २०१६ च्या नियमांप्रमाणं त्यांना हत्यार सुरक्षित हाताळायचं ट्रेनिंग घेऊन सर्टिफिकेट लागणारच होतं, म्हणून म्हटलं तोपर्यंत डमी काडतुसांवर जरा बघून घ्या. डमी म्हणजे आत दारू नाही, टोपी नाही. दुसऱ्या एका चांगल्या .३१५ वर दाखवलं. ती पण आधी मी तपासली, मग त्यांना तपासायला लावली, करंगळी घालूनच.

भरायचं म्हणजे तोंड सुरक्षित दिशेला, बोट कडीबाहेर, बोल्ट पूर्ण मागं, अर्धवट नाही. काडतुसं वरून एकेक दाबत मॅगझिनमध्ये. इथं एक खुबी आहे, या काडतुसाच्या बुडाला कड असते, वरच्या काडतुसाची कड खालच्याच्या कडेच्या पुढं बसली पाहिजे. कौलं शाकारताना जसं उलटं-सुलटं झालं की सगळी ओळ अडते तसं, एक जरी कड मागं राहिली तर बोल्ट पुढं जाताना दोन्ही काडतुसं एकमेकांत अडकतात आणि मग माणूस चिडून बोल्टवर जोर करतो, जे अजिबात करायचं नाही. मास्तरांचं तिसरं काडतूस तसंच अडकलं. मी काय सांगितलं नाही, त्यांनी स्वतःच बोल्ट मागं घेऊन सोडवलं, शिक्षक माणूस, बोटं सावकाश चालतात, या कामाला असलीच माणसं बरी.

बोल्ट पुढं ढकलताना शेवटी जरा जोर लागतो कारण या घाटात कॉक बंद करतानाच होते. दांडी पूर्ण खाली. आता लगेच फायर करायचं नसेल तर डाव्या बाजूची सेफ्टी मागं. आणि मला विचाराल तर सगळ्यात धोक्याचा क्षण हा इथून पुढं आहे, भरताना नाही, रिकामी करताना. कारण सेफ्टी मागं असली की या रायफलीचा बोल्टच उघडत नाही, रिकामी करायची तर पहिल्यांदा सेफ्टी पुढं घ्यावी लागते. म्हणजे भरलेली, कॉक केलेली, सेफ्टी काढलेली रायफल हातात, आणि माणसाला वाटत असतं आता तर संपलं काम. माऊझर घाटाच्या कित्येक रायफलींत मधली सेफ्टी असते, सेफ्टीवर असतानाच बोल्ट उघडतो, ती सोय इथं नाही. म्हणून रिकामी करताना भरतानापेक्षा जास्त सावकाश. एकेक काडतूस बाहेर, घातली तेवढी आली का मोजायची, मॅगझिन बघायचं, नळीचं बूड बघायचं, करंगळी घालायची. नुसतं मॅगझिन काढलं म्हणजे झालं असं समजणारे पण भेटतात, नळीत बसलेल्या एकाचा मॅगझिनशी काय संबंध?

मास्तरांनी विचारलं की हे जुनाट बोल्टचं प्रकरण आता कोण वापरतं, तर म्हटलं आपल्या राधानगरी तालुक्यातल्या स्वप्नील कुसाळेनं २०२४ ला पॅरिसला ५० मीटरमध्ये ब्रॉन्झ आणलं ती .२२ पण हातानं बोल्ट ओढूनच भरायची रायफल असते. आणि त्या रेंजवर फायरिंग नसताना प्रत्येक रायफलीच्या नळीत झगझगीत रंगाची पट्टी घालून ठेवावी लागते, सेफ्टी फ्लॅग, लांबून दिसावं की आत काडतूस नाही. ऑलिंपिकवाल्यांच्या तोंडच्या शब्दावर पण कुणी विश्वास ठेवत नाही म्हटल्यावर तात्या पहिल्यांदा हसले.

मालक आले, रजिस्टर लिहिलं. रायफल, नंबर, बोल्टचा नंबर वेगळा लिहिला, कारण या घाटात बोल्ट ज्याचा त्यालाच बसवायचा असतो, दुसऱ्याचा घातला तर काडतुसामागचं अंतर बदलतं. मिसफायर काडतूस वेगळं ठेवून पोलीस ठाण्याला कळवायचं ठरलं. घरी अजून काडतुसं आहेत का विचारलं तर मास्तर म्हणाले कपाटात डबा आहे, म्हटलं तो पण आणून जमा करा, परवान्यावरच्या खरेदीशी हिशोब लागला पाहिजे. .३१५ च्या काडतुसांवर उत्तरेत गावठी कट्टे चालतात, त्यामुळं एकेकाचा हिशोब विचारला जातो.

तात्यांचं लक्ष मात्र आता बोल्टच्या मुंडक्यावर होतं. मोडलेली पत्ती मी चिमट्यानं काढून दाखवली होती. ती त्यांनी उजेडात धरली, वाकवून बघितली. "ह्ये मी करून दितो," म्हणाले. "घड्याळाच्या स्प्रिंगंची. माप दे." मी म्हटलं तात्या, हत्याराचं काम परवान्याशिवाय करता येत नाही, आणि घड्याळाच्या स्प्रिंगचं पाणी, म्हणजे पोलादाचा कडकपणा, वेगळं, याचं वेगळं. "पान्याचं मला सांगतोस व्हय, तीस वरीस काडली कारखान्यात." बराच वेळ चाललं ते. मास्तर मला डोळ्यानं खुणावत होते की द्या सोडून. मी पत्ती परत घेतली आणि डबीत टाकली, माप दिलं नाही.

आठवड्यानं फोन, पत्ती मिळाली का. मग परत. शेवटी मालकांनी एका भंगारात निघालेल्या बोल्टच्या मुंडक्यातली काढून दिली, बसवली, डमीवर ओढून बघितलं तर पाचातली चार व्यवस्थित फेकली आणि पाचवं ओढलं पण सोडलं नाही. म्हणजे आकडीला पण घासायला लागणार. तात्यांना फोनवर तेवढंच सांगितलं, तर म्हणाले, "मंग म्या येऊन बगतो. नुसतं बगतो." म्हटलं या, पण वाकळ घरी ठेवून या.