जळालेला वाडा, न जळालेला वाडा

पुण्यातल्या एका छोट्या गेम स्टुडिओत मी लेव्हल डिझायनर म्हणून, म्हणजे खेळातल्या जागा आणि वाटा रचण्याचे, काम करते. सध्या आम्ही तयार करीत असलेल्या खेळात पेशवाई धाटणीचा एकच दुचौकी वाडा दोन वास्तवांत एकाच वेळी उभा आहे. एका वास्तवात तो आगीत गेला, दुसऱ्यात ती आग लागलीच नाही. हा भूतकाळ आणि वर्तमान असा मामला नव्हे. दोन्हीकडे तीच संध्याकाळ आहे, आणि हातातला आरसा फिरवला की खेळणारा उभ्या जागी एका वाड्यातून दुसऱ्यात जातो.

यंत्राच्या बाजूने पाहिले तर यात जादू काहीच नाही. दोन पूर्ण वाडे एकाखाली एक रचलेले आहेत आणि बटण दाबताच खेळणाऱ्याची फक्त उंची बदलते. 2016 मध्ये आलेल्या ‘टायटनफॉल 2’ या खेळातल्या एका गाजलेल्या प्रकरणात हीच युक्ती वापरलेली आहे. दुसरा वाडा कितीही लांब ठेवून मात्र चालत नाही, कारण आमचे इंजिन, म्हणजे खेळ चालवणारे सॉफ्टवेअर, जागेचे आकडे साधारण सात अंकांपर्यंतच नेमके धरते. जिथून सगळी अंतरे मोजली जातात त्या मूळ बिंदूपासून दहा किलोमीटरवर गेले की सर्वांत लहान पाऊल जवळपास एक मिलिमीटरचे होते आणि खेळणाऱ्याच्या हातातला कंदील थरथरू लागतो. म्हणून आमचा दुसरा वाडा पहिल्याच्या खाली अवघ्या शंभर मीटरवर आहे.

खरी अडचण वेगळीच होती. जळालेल्या वाड्यात येणारा प्रत्येक टेस्टर हरवत होता. भिंती गेल्या, लाकडी फळ्यांची तक्तपोशी गेली, त्यामुळे माजघर कुठले आणि ओसरी कुठली हे कळायला मार्गच उरला नव्हता, आणि आरसा फिरवल्यावर आपण कुठे निघणार याचा अंदाज बांधता येत नसेल तर दोन वास्तवे असून नसून सारखीच. जमिनीवर चमकते बाण काढावेत असा एक प्रस्ताव होता. मला तो अजिबात पसंत नव्हता, पण दुसरे काही सुचत नव्हते.

त्या दिवशी एका सहकाऱ्याच्या ओळखीचे एक निवृत्त सुतार आले होते. जुन्या वाड्यांच्या दुरुस्तीत त्यांचे आयुष्य गेलेले. न जळालेल्या वाड्यातले खांब आणि तुळया यांचे सांधे बरोबर दाखवले आहेत का, एवढेच त्यांना विचारायचे होते. ते काम थोडक्यात आटोपले. मग काकांनी कंट्रोलर मागून घेतला, आरसा फिरवला आणि राखेत उतरले.

इतर सगळे टेस्टर इथे मान वर करून भिंती शोधायचे. काकांनी कॅमेरा सरळ जमिनीकडे वळवला आणि एका चौकोनी दगडापाशी थांबून म्हणाले, “हा तळखडा. म्हणजे खांब इथे. आता पुढचे खण मोजत चला.” एका तळखड्यावरून दुसऱ्यावर असे ते चालत गेले, चौथ्यापाशी उजवीकडे वळले, आरसा फिरवला, आणि थेट माजघराच्या दारात निघाले.

वाड्याचा सांगाडा लाकडी असतो आणि त्याचे माप खणांत, म्हणजे दोन खांबांमधल्या अंतरात, धरले जाते. खांबाला जमिनीची ओल लागू नये म्हणून त्याच्याखाली दगड असतो. आग लाकूड खाते. जोते आणि तळखडे जागच्या जागी राहतात. शनिवारवाड्याचे काम 1730 मध्ये सुरू झाले आणि 1828 च्या आगीत आतल्या इमारती गेल्या. आज तिथे फिरणारा माणूस जोत्यांवरून दालनांचा अंदाज बांधतो, तेच काका पडद्यावर करीत होते. (पुणेकराला दोन वास्तवांतला वाडा फारसा समजावून सांगावा लागणार नाही, असे मला तेव्हापासून वाटते.) बाणांचा प्रस्ताव तिथेच बारगळला. दगड दोन्ही वास्तवांत तंतोतंत तोच, टवका उडाला असेल तर तोसुद्धा त्याच कोपऱ्याला, आणि लाकडाचे मात्र काहीही होऊ शकते, असा नियम आम्ही ठरवला.

काका एवढ्यावर थांबले नाहीत. “चौक इतका स्वच्छ कसा?” त्यांनी विचारले. चालायला जागा हवी म्हणून आमच्या चित्रकाराने विटांचा ढिगारा वाड्याबाहेर बोळात टाकला होता. काकांचे म्हणणे असे की तुळया खचल्या की माडीची वीट आत ओढली जाते, त्यामुळे ढीग चौकातच हवा. तो तिथे आणला आणि जळालेल्या वाड्याचा मुख्य रस्ताच बंद झाला. चौक ओलांडायचा तर आता दुसऱ्या वास्तवातून जावे लागते. इतके दिवस आम्ही जे कोडे कागदावर जुळवू पाहत होतो, ते विटांनी आपोआप घातले.

जिन्याचेही तसेच झाले. वाड्याच्या जाड भिंतीच्या पोटातला अरुंद दगडी जिना आगीतही टिकतो. आता आमच्या जळालेल्या वाड्यात तो चढून गेले की पुढे मोकळे आकाश आहे. शेवटच्या पायरीवर आरसा फिरवावा आणि माडीवर पाऊल टाकावे. अर्थात याची उलटी बाजूही होती. माडीवर उभे असताना कोणी आरसा फिरवला तर खाली जमीनच नाही. यावर आमच्यात बराच वाद झाला. एकाचे मत होते की तिथे आरसा चालूच देऊ नये, दुसऱ्याचे मत की खेळणाऱ्याला आपोआप जिन्यापाशी आणून ठेवावे. शेवटी काकांना विचारले.

“पडेल. दुसरे काय होणार?” ते म्हणाले.

खेळणारा आता पडतो. मात्र चौकातला ढीग उंच असल्यामुळे चौकाकडच्या बाजूने पडला तर वाचतो, आणि हे ज्यांना उमगते ते टेस्टर हल्ली मुद्दाम तिथूनच उडी मारतात.