तुम्ही विचारलंत म्हणून: ठाण्याला स्वतःचं एफएम का नाही?

सोसायटीच्या गणपतीत, लग्नाच्या पंगतीत, परवा तर दातांच्या डॉक्टरांकडे नंबर लावून बसले होते तिथेही हा प्रश्न आला. मी रेडिओत नोकरी करत होते हे कळलं की आधी विचारतात, "आरजे होतात का?" नव्हते. की लगेच पुढचा, "मग ताई, आपल्या ठाण्याचं स्वतःचं एफएम का नाही हो?" दोन वाक्यांत उत्तर देता येत नाही, म्हणून एकदा लिहूनच काढते.

प्रश्न अगदी रास्त आहे. २०११ च्या जनगणनेत ठाणे महापालिकेची लोकसंख्या १८ लाखांच्या वर होती, नवी मुंबईची ११ लाखांच्या वर. जळगाव साडेचार लाखांचं, सांगली-मिरज-कुपवाड मिळून पाच लाखांचं. या दोन्ही ठिकाणी खासगी एफएम आहे. आपण मात्र रेडिओ लावला की वांद्रे, अंधेरी, सी लिंक.

मी ज्या खात्यात होते त्याला स्टेशनात 'ट्रॅफिक' म्हणतात. कुठली जाहिरात किती वाजून किती मिनिटांनी वाजणार, याचा दिवसभराचा तक्ता, म्हणजे लॉग, आम्ही बनवायचो. दोन साबणवाले एका ब्रेकमध्ये येऊ द्यायचे नाहीत, राहून गेलेला स्पॉट, म्हणजे जाहिरात, दुसऱ्या दिवशी भरून द्यायचा, महिनाअखेरीला जाहिरात एजन्सीला एकेका स्पॉटची वेळ लेखी कळवायची. लोकांच्या लक्षात गाणी राहतात, आवाज राहतात. स्टेशन जगतं ते या तक्त्यावर. ठाण्याचं उत्तर मला तिथेच मिळालं.

आधी थोडं मागे जाते. ठाण्यात आमच्या नौपाड्याच्या घरी रेडिओ होता आणि त्याचं लायसन्सही होतं. ऐकणाऱ्याला लायसन्स लागायचं तेव्हा. बाबा दरवर्षी पोस्टात जाऊन फी भरून शिक्का मारून आणायचे. आकाशवाणीवर जाहिराती सुरू झाल्या १ नोव्हेंबर १९६७ ला, विविध भारतीच्या मुंबई, पुणे आणि नागपूर केंद्रांवर. त्याआधी ज्यांना जाहिरात करायची ते रेडिओ सिलोन गाठायचे. १९९३ मध्ये आकाशवाणीने एफएमवरचे काही तास खासगी कंपन्यांना विकायला सुरुवात केली आणि १९९८ मध्ये तेही थांबवलं. मधल्या काळात, फेब्रुवारी १९९५ मध्ये, सर्वोच्च न्यायालयाने क्रिकेट प्रक्षेपणाच्या एका खटल्यात सांगितलं की रेडिओलहरी ही सार्वजनिक मालमत्ता आहे. तो निकाल मला आजही मोठा वाटतो.

मग आला २००० सालचा खासगी एफएम परवान्यांचा लिलाव. परवाने शहरानुसार निघाले आणि बोली मुंबईत इतकी चढली की एका परवान्याची फी वर्षाला पावणेदहा कोटी रुपयांवर गेली, वर दरवर्षी १५ टक्के वाढ. भागाकार करून बघा: दिवसाला दोन लाख सदुसष्ट हजार. अजून पगार नाहीत, जागेचं भाडं नाही, वीजबिल नाही. पहिलं गाणं लागायच्या आधीच एवढे पैसे गेलेले. ते फेडायचे तर सगळ्या मुंबईला माल विकणाराच जाहिरातदार हवा. मोबाइल कंपन्या, बँका, साबण, गाड्या. २००५ च्या नव्या धोरणात हे ओझं उतरलं, उत्पन्नाच्या ४ टक्के असा हिशेब आला, स्टेशनं वाढली. पण जाहिरातीला दर लागायचा तो सगळ्या मुंबईचाच.

आता ठाण्याच्या बाजारातल्या जांभळी नाक्याची गोष्ट. तिथे स्टीलच्या भांड्यांचं एक दुकान आहे. त्या काकांनी एकदा दिवाळीच्या आधी मला बोलावून घेतलं. काउंटरवर सोऱ्या, चकलीच्या जाळ्या, फराळाचे डबे मांडलेले. म्हणाले, "ताई, दहा सेकंदांची जाहिरात करायची आहे, पंधरा दिवस. किती?" मी सेल्समधून दर विचारून आणला. त्यांनी कागद दोनदा वाचला, चष्मा काढून काउंटरवर ठेवला आणि म्हणाले, "कुलाब्याची बाई सोऱ्या घ्यायला जांभळी नाक्यावर येणार आहे का? मग तिचे पैसे मी का भरायचे?"

याला माझ्याकडे उत्तर नव्हतं. अजूनही नाही. सांगलीचा भांडेवाला पैसे भरतो ते सांगलीकरांपर्यंत पोचण्याचे. ठाण्याच्या भांडेवाल्याला कुलाब्यापासून विरारपर्यंतचे सगळे कान विकत घ्यावे लागतात, तेव्हा कुठे त्यातले ठाण्याचे कान मिळतात. ठाण्याच्या दुकानदाराची जाहिरात नाही, म्हणून ठाण्याचा कार्यक्रम नाही, म्हणून ठाण्याला आरजे नाही. काकांनी शेवटी रिक्षावर भोंगा लावला. रिक्षावाल्याला द्यायची कॅसेट माझ्याच आवाजात आहे, आमच्या स्वयंपाकघरात दार लावून घेऊन रेकॉर्ड केलेली.

यावर लोक म्हणतात, मग ठाण्यासाठी वेगळा छोटा परवाना द्यावा. इथे दुसरी अडचण येते. एकाच शहरातल्या दोन स्टेशनांमध्ये ८०० किलोहर्ट्झ, म्हणजे ०.८ मेगाहर्ट्झ, अंतर ठेवायचं, अशी आपल्याकडची पद्धत. मुंबईचे आकडे बघा: ९१.१, ९१.९, ९२.७, ९३.५, ९४.३. वजाबाकी प्रत्येक वेळी ०.८ च येते. या मधल्या फटीत ठाण्याला जागा नाही. मुंबईचाच आकडा ठाण्यात दुसऱ्याला दिला तर मुलुंडच्या पलीकडे दोघं एकमेकांवर चढतील, कारण एफएमचा रिसीव्हर जो सिग्नल जोरात येतो तोच पकडतो. बस चार पावलं पुढे गेली की एक जाणार, दुसरा येणार.

मुंबईचा सिग्नल तरी आपल्याला धड मिळतो का? एफएमच्या लहरी सरळ जातात, डोंगर ओलांडत नाहीत. वाशीला मध्ये खाडीचं मोकळं पाणी, त्यामुळे तिथे खणखणीत लागतो. आपल्याकडे येऊरचा डोंगर आडवा. घोडबंदर रोडला एका खोलीत लागतो आणि दुसऱ्या खोलीत खरखरतो. कल्याणकडे जाणाऱ्या फास्ट लोकलमध्ये कानात वायर घालून गाणी ऐकणाऱ्यांचे चेहरे मी कितीदा पाहिलेत. २०२२ पर्यंत फास्ट लोकल पारसिकच्या बोगद्यातून जायच्या; गाडी आत शिरली की सगळे एकदम वायर चाचपायचे. मोबाइलच्या एफएमची अँटेना म्हणजे ती वायरच, हे माहीत असल्यासारखे.

कम्युनिटी रेडिओचं नाव निघतं, तेही सांगते. २००६ पासून स्वयंसेवी संस्थांनाही तो परवाना मिळू लागला. पण ताकद १०० वॅटची, आवाका काही किलोमीटरचा आणि जाहिरातीला तासाला पाच मिनिटं, अशी त्या वेळची अट. काम चांगलं आहे, त्याबद्दल मला आदरच आहे. १८ लाखांच्या शहराचं स्टेशन त्यातून उभं राहत नाही. आणि मुंबईच्या परवान्याचं म्हणाल, तर २०१५ च्या लिलावात एकेका फ्रिक्वेन्सीला १२२ कोटींच्या वर भाव गेला, १५ वर्षांसाठी.

एवढा हिशेब माहीत असूनही हा प्रश्न मला हलका घेता येत नाही, याचं कारण २६ जुलै २००५. त्या दिवशी सांताक्रूझला ९४४ मिलिमीटर पाऊस पडला. दुपारी लोकल थांबल्या आणि मी लोअर परळला स्टुडिओतच अडकले. संध्याकाळी साहेबांनी सगळे स्पॉट काढायला सांगितले. मी नोकरीत पहिल्यांदाच अख्खा लॉग कोरा केला. लँडलाइन सतत वाजत होती. कुर्ला, कालिना, मिलन सबवे. आरजे माहिती वाचत होती, लोक नवी माहिती देत होते. रात्री एक फोन मी उचलला. ठाण्यापलीकडच्या दिवा गावाहून एक बाई बोलत होत्या. नवरा ठाण्याला कामाला, अजून आला नव्हता. म्हणाल्या, "मघापासून ऐकतेय. आमच्याकडचं कोणी काहीच कसं सांगत नाही?"

आमच्याकडे सांगायला काहीच नव्हतं. ठाण्यात आमचा कोणी माणूसच नव्हता. मी नौपाड्याला आईला फोन लावला. तिचा लँडलाइन चालू होता. वीज गेलेली, ट्रान्झिस्टरवर आम्हालाच ऐकत बसली होती. तिला म्हटलं, गॅलरीत जा आणि दिसतं ते सांग. ती शेजारच्या काकूंना, खालच्या वॉचमनला, स्टेशनवरून चालत आलेल्या लोकांना विचारून सांगत गेली: वंदना डेपोपाशी पाणी किती, कळव्याकडून माणसं रुळांवरून चालत येतायत, कुठल्या शाळेत लोकांना बसवलंय. मी कोऱ्या लॉगच्या पाठीवर लिहायचे आणि काचेपलीकडे आरजेला नेऊन द्यायचे. दर अर्ध्या तासाला एक कागद, पहाटेपर्यंत.

चारच्या सुमारास आईने स्वतःहून फोन केला. मला वाटलं पाणी वाढलं.

"अगं, आत्ता तिने रेडिओवर आपल्या नौपाड्याचं नाव घेतलं," ती म्हणाली. "परत एकदा घ्यायला सांग ना."