रशियनला हिंदी लावू का?

सबटायटलचे पैसे ओळीवर मिळतात. म्हणून एका फिल्म क्लबसाठी दोन लात्वियन चित्रपट हातात आले तेव्हा मी आधी संवाद मोजले. दिग्दर्शिका लैला पाकल्निन्या. नाव तोवर ऐकलेलंही नव्हतं. पहिला टपालावरचा छोटा माहितीपट, १९९५चा. एक बाई इमारतीत पेपर टाकत जाते, बस्स. बोलणं जवळजवळ नाहीच. त्याला १९९६ साली कान चित्रपट महोत्सवात समीक्षकांचं पारितोषिक मिळालंय; मला मिळणार होते चहाचे पैसे.

दुसरा 'कुर्पे', म्हणजे बूट. १९९८चा कथापट. दिग्दर्शिकाबाई मूळच्या लात्वियातल्या लिएपाया शहराच्या, जन्म १९६२चा. मॉस्कोत पत्रकारिता शिकून मग दिग्दर्शनाकडे वळल्या. या चित्रपटातला काळ १९५०च्या दशकातला. लात्वियाचा किनारा तेव्हा सोव्हिएत संघाची सरहद्द होता. वाळूवर दंताळं फिरवून ठेवायचे. सकाळी पाऊल उमटलेलं दिसलं की कोणीतरी आलं, नाहीतर पळालं. अशाच वाळूत बाईचा एक बूट सापडतो आणि जवान तो घेऊन गावभर फिरतात, कुणाच्या पायात बसतो ते बघत. सिंड्रेलाच, फक्त राजपुत्राच्या जागी बंदूकवाले.

दुपारपर्यंत सगळ्या ओळी मराठीत बसल्या. मी खूश. सासूबाई मागे बसून बघत होत्या. म्हणाल्या, "अगं, हे सगळे एकाच गावचे का?"

झालं! जवान रशियन बोलतात, गावकरी लात्वियन. मी संवादांच्या इंग्रजी यादीवरून काम केलं होतं आणि त्यात सगळे एकाच भाषेत बोलत होते. माझा जवान आमच्या नाक्यावरचा हवालदार वाटत होता. मग भीती कसली उरणार?

एक प्रसंग घेतला, जवानांच्या ओळी हिंदीत केल्या. सासूबाईंना लगेच कळलं: "हां, हे बाहेरचे." मी उत्साहाने क्लबच्या काकांना फोन लावला.

"ताई, लोक पिक्चर सोडून त्यावरच भांडतील," काका म्हणाले. "आणि हिंदीवाल्यांनी आपलं काय घोडं मारलंय, की त्यांना सरहद्दीवर उभं करताय?"

यावर मला उत्तर सुचेना. शेवटी रंगावर आले. चित्रपट कृष्णधवल, तेव्हा लात्वियन पांढऱ्यात, रशियन पिवळ्यात. पण कोणती ओळ कुठली? मला दोन्ही भाषा येत नाहीत. हेडफोन लावून एकेक वाक्य चार-चारदा ऐकलं. होकार 'दा' आला की पिवळा, 'या' आला की पांढरा. बाकीचं सुरावरून, आणि अडलं तिथे रशियन शिकलेल्या मैत्रिणीला पिडून. या बाईंची माहितीपटाची खोड कथापटातही जात नाही: माणूस निघून जातो, कॅमेरा भिंतीपाशी थांबतो. एरवी मी असल्या जागा पुढे ढकलते. त्या रात्री तेवढीच विश्रांती मिळत होती.

दोन वाजता दोन्ही फाइल पाठवल्या. सकाळी काकांचा मेसेज: "दुसरी छान. पहिल्या फाइलमध्ये काहीच दिसत नाहीये, पुन्हा पाठवता का?"