निर्दोष आहोत, हे पटवायचं कसं

रविवार, रात्री साडेअकरा

अमंग अस या फोनवरच्या खेळात सगळ्यांना इम्पोस्टर, म्हणजे इतरांत लपून एकेकाला मारणारा चोर, व्हायचं असतं. धाकट्याला क्रूमेट, म्हणजे नेमून दिलेली कामं (टास्क) करणारा साव, मिळालं की तो तोंड पाडून म्हणतो, 'आता बसा वायरी जोडत.' मला ते कधीच पटलेलं नाही, आणि आजच्या डावांनंतर तर अजिबात नाही. या खेळात चोरापेक्षा सावाचं काम अवघड आहे. खेळायला मजाही त्यातच जास्त आहे.

आज गावभागात आत्याकडे जमलो होतो. मधे भडंगाची परात, प्रत्येकाच्या हातात फोन. आतेभाऊ पुण्याहून आणि वहिनी मिरजेहून ऑनलाइन. दहा जण, दोन इम्पोस्टर, नकाशा नेहमीचा स्केल्ड, म्हणजे अवकाशयानाचा. एकाच खोलीत बसून खेळायचं तर पथ्यं फार पाळावी लागतात. किलचा आवाज ऐकू येतो, म्हणून सगळे फोन म्यूट. मीटिंग, म्हणजे चोर कोण यावर चर्चा आणि मतदान, लागल्याशिवाय तोंड उघडायचं नाही. आणि आजपासून पाठीला पाठ लावून बसायचं, कारण आठवीतल्या भाचीने एक भलतीच गोष्ट हेरली होती. वायरी जोडणाऱ्याचा अंगठा चार वेळा डावीकडून उजवीकडे सरकतो. इम्पोस्टर टास्क केल्याचं सोंग करत नुसता उभा राहतो, तेव्हा त्याचा अंगठा काचेवर टेकलेला असतो, हलत नाही. तिने दोन्ही चोर पहिल्या मीटिंगच्या आत पकडून दिले. पोरीच्या नजरेचं मला फार कौतुक वाटलं, पण हे चालू द्यायचं नाही असंही मी सांगितलं. अंगठे बघून चोर सापडायला लागले तर बोलायचं कशाला? आणि हा खेळ बोलण्याचाच आहे.

त्याची मुळं जुनी आहेत. 1986 साली मॉस्को विद्यापीठात दिमित्री डेव्हिडॉफने 'माफिया' हा खेळ तयार केला. नुसती माणसं आणि गप्पा, बाकी काही लागत नाही. त्याचीच ही सगळी पिलावळ. अमंग अस 2018 मध्ये आला आणि 2020 मध्ये, सगळे घरात कोंडले गेले होते तेव्हा, घरोघरी पोचला. डाव मात्र तोच राहिला. थोड्यांना सगळं माहीत असतं आणि पुष्कळांना काहीच माहीत नसतं. चोरांना एकमेकांची ओळख असते, म्हणजे उरलेले कोण तेही आपोआप कळतं. सावाला स्वतःपलीकडे कोणाचीच खात्री देता येत नाही. त्याच्याकडे फक्त संख्या आहे, आणि दर किलला तीही घटते.

आत्या म्हणाली, 'म्हणजे आमच्या चिठ्ठ्याच की. राजा, राणी, चोर, शिपाई.' आहे खरं तसं, पण चिठ्ठ्यांमध्ये शिपायाने एकदा बोट दाखवलं की विषय संपतो. चोराला वाद घालायची सोय नाही. इथे तो वाद घालतो, गळा काढतो, दुसऱ्याकडे बोट दाखवतो, आणि चांगला असला तर पहिली मीटिंग स्वतःच चालवतो.

आतेभाऊ तसा आहे. आज खेळात त्याचा रंग काळा होता. तिसऱ्या डावात इलेक्ट्रिकल या खोलीत बॉडी सापडली, रिपोर्ट त्यानेच केली. 'मी स्टोरेजकडून आलो, आत गेलो तर निळा पडलेला. पिवळी, तू कुठं होतीस गं?' किती साधं! आधी स्वतःची वाट सांगायची, लगेच प्रश्न विचारायचा, म्हणजे पुढचा माणूस उत्तर देण्यात गुंततो आणि याची वाट कोणी तपासत नाही. पिवळी म्हणजे भाची. ती म्हणाली, 'मी वायरी जोडत होते.' त्यावर वहिनी, 'अगं, तू तर सिक्युरिटीत कॅमेऱ्यापाशी होतीस की. मी बघितलं तुला.' झालं. 'सस, सस', म्हणजे 'संशयित, संशयित', असा एकच गलका झाला. सहा मतं पडली आणि पिवळी बाहेर. खाली अक्षरं आली, ती इम्पोस्टर नव्हती.

तिने खोटं का सांगितलं, तर टास्क सोडून कॅमेरे बघत बसलं की मोठी भावंडं ओरडतात म्हणून. एवढंच. पण कॅमेऱ्यात तिने काय पाहिलं होतं, ते डाव संपल्यावर कळलं. काळा मेडबेमध्ये शिरला होता. स्केल्डवर मेडबे, इलेक्ट्रिकल आणि सिक्युरिटी या तिन्ही खोल्यांचे व्हेंट, म्हणजे चोराला गुपचूप ये-जा करायचे झरोके, आतून जोडलेले आहेत. जो मेडबेत शिरला तो थोड्याच वेळात 'स्टोरेजकडून आलो' म्हणतो, यात सगळा गुन्हा उलगडत होता. ती हे बोलली असती तर डाव तिथेच फिरला असता. बाहेर काढल्यावर तिला बोलता येईना. भूत होऊन टास्क तेवढे पुरे करत राहिली बिचारी. चोर सोडून संन्याशाला फाशी म्हणतात ते हेच, आणि या फाशीचा दोर वळायला संन्याशाने स्वतः हातभार लावला होता.

माझं म्हणणं मी सगळ्यांना तेव्हाच सांगितलं. चोराने खोटं बोलणं हे त्याचं कामच आहे, त्याबद्दल राग नाही. पण सावाने लहानसं, लाजेपोटीचं खोटंही बोलू नये. सावांच्या बाजूला दुसरं भांडवलच नाही. दहा जणांच्या हकिगती एकमेकींवर ठेवल्या की जिथे सांधा जुळत नाही तिथे चोर असतो. एका सावाने जरी आपला सांधा बिघडवला तरी चोराला लपायला जागा होते. गप्प बसणारा साव तर त्याहून वाईट. 'मला काही माहीत नाही' म्हणून स्किप करणारा, म्हणजे कोणालाच मत न देणारा, माणूस मेला तरी कोणाला काही कळत नाही, आणि जिवंत राहिला तरी उपयोग नाही. निदान एवढं तरी सांगावं की मी अमुक खोलीत होते, तमुक माझ्या समोरून डावीकडे गेला. ते तपासता येतं.

तपासायच्या जागा खेळात भरपूर ठेवल्यात, बघणाऱ्याला दिसतात. कार्ड स्वाइप हे सामाईक टास्क. आपल्या यादीत नसेल तर कोणाच्याच यादीत नसतं. मग 'मी कार्ड स्वाइप करत होतो' म्हणणारा कोण ते उघड आहे. सगळ्यांची मिळून किती टास्क झाली ते दाखवणारी पट्टी सतत हलणारी ठेवली असेल तर जोडीदार टास्कवरून उठला आणि पट्टी तसूभरही सरकली नाही, हे लक्षात ठेवायचं. कॅमेऱ्यांचा लाल दिवा लुकलुकला की आत कोणीतरी बघतंय. चोर यावर उपाय म्हणून लाईट घालवतो. तेव्हा क्रूमेटला दोन पावलांपलीकडचं दिसत नाही, चोराला मात्र लख्ख दिसत असतं. म्हणून लाईट दुरुस्त करायला इलेक्ट्रिकलला एकट्याने कधी जाऊ नये. तिथेच तो वाट बघत असतो.

नंतरच्या एका डावात आम्ही चौघं उरलो आणि चोर एकच. धाकट्याला व्होट द्यायची घाई. मी म्हटलं, थांब, मोज. चौघांत चुकीचा माणूस काढला तर तिघं उरतात, मग एक किल झाला की एकास एक, आणि तो चोराचा विजय. चौघांत स्किप केलं तर किलनंतरही तिघं राहतात आणि आणखी एक मीटिंग मिळते. उलट तिघांवर आल्यावर स्किप म्हणजे हार मान्य करणं. तिथे व्होट द्यायलाच हवं. आम्ही स्किप केलं. पुढचा किल धाकट्याचाच झाला, आणि मी, वहिनी, आतेभाऊ असे तिघं उरलो. वहिनी म्हणाल्या, 'ताई, तुम्ही दर मीटिंगला कुठून कुठे गेलात ते सांगत आलात, आणि मी दोनदा बघितलं तेव्हा तिथंच होतात.' आतेभावाने त्याआधी आपल्याच साथीदाराला व्होट देऊन विश्वास कमावला होता. चाल उत्तम होती, पण त्याची स्वतःची वाट कोणालाच सांगता येत नव्हती. वहिनींनी काळ्याला व्होट दिलं. मला तो विजय फार मोलाचा वाटला. आम्ही कोणाला फसवलं नव्हतं, एका माणसाने दुसऱ्यावर विश्वास टाकावा इतकं आधीपासून सरळ बोलत आलो होतो.

पण हे सगळीकडे लागू पडत नाही, हेही लिहून ठेवते. 'टाउन ऑफ सालेम' हा 2014 चा खेळ आम्ही मागे लॅपटॉपवर खेळायचो. तिथे प्रत्येक सावालाही वेगळी भूमिका असते. जेलर रात्री एकाला कोठडीत घेऊन चौकशी करतो, शेरीफ संशयित तपासतो. अशा माणसाने पहिल्याच दिवशी 'मी जेलर' म्हणून सांगितलं तर त्याच रात्री माफिया, म्हणजे तिथले चोर, त्याच्या मागावर येतो. म्हणजे तिथे सावालाही काही काळ झाकून वागावं लागतं. तो आपलं लास्ट विल लिहीत जातो. मेला तरी बहुतेक वेळा त्याची नोंद सगळ्यांना वाचायला मिळते, ही सोय मला फार शहाणपणाची वाटते. वर जेस्टर असतो. त्याला स्वतःलाच फाशी हवी असते. फाशी झाली की तो जिंकतो. 'गूज गूज डक' या अशाच खेळातला डोडोही त्याच जातीचा. असा एक जण डावात असला की फार संशयास्पद वागणाऱ्याला काढावं की सोडावं, हाच पेच पडतो. सावांना घाईने व्होट देण्याची किंमत मोजायला लावणारी ही भूमिका मला चोराइतकीच दमदार वाटते.

अमंग असमध्ये 2021 च्या नोव्हेंबरात इंजिनिअर ही सावाची नवी भूमिका आली, तेव्हापासून 'व्हेंटमधून निघाला' हाही पुरावा राहिला नाही, कारण इंजिनिअरही व्हेंटमधून जातो. शेपशिफ्टर हा चोर दुसऱ्याचं रूप घेतो, म्हणजे डोळ्यांनी पाहिलेलंही पडताळावं लागतं. काहींना हा गोंधळ वाटतो. मला तो हवाच आहे. एकाचं पाहिलेलं पुरत नाही म्हटल्यावर दोघा-तिघांनी बोलून ताळमेळ लावावाच लागतो.

पुढच्या रविवारी इंजिनिअर आणि शेपशिफ्टर दोन्ही चालू ठेवायचे, व्हिज्युअल टास्क, म्हणजे करताना इतरांना दिसणारे टास्क, बंद करायचे आणि बाहेर काढलेला कोण होता हे दाखवायचं नाही, असं ठरलंय. भाचीला कॅमेऱ्यापाशी बसायची उघड परवानगी दिली आहे, कोणी तिला ओरडायचं नाही. आत्यालाही खेळायचंय. तिला गुलाबी रंग हवा आहे, आणि तो सध्या आतेभावाच्या बायकोचा आहे, त्याचं काय करायचं ते उद्या फोनवर बघते.