स्पार्कलिंग वाइन पंच : प्रमाण एकास तीन

पार्टीच्या पंचचं प्रमाण आता बसलं आहे. एक भाग बेस (म्हणजे लिंबू-संत्र्याच्या सालींचा पाक, लिंबाचा रस, चहा आणि ब्रँडी यांचं मिश्रण), तीन भाग स्पार्कलिंग, म्हणजे बुडबुड्यांची, वाइन. म्हणजे 750 मिलीच्या तीन बाटल्यांना बरोबर एक बाटलीभर बेस, एकूण तीन लिटर पंच, आणि 120 मिलीच्या हिशोबाने पंचवीस पेले. याच पंचच्या माझ्या मागच्या नोंदीत बेस लिटरभर होता. चवीत काही कमी नव्हतं, पण पेला अर्धा होईस्तोवर पंच सरबतासारखं लागायचं. तेव्हापासून माझं सगळं लक्ष एकाच गोष्टीवर आहे: बेस कमी करायचा, पण चव कमी होऊ द्यायची नाही.

कारण अगदी साधं आहे. बुडबुडे फक्त वाइनमध्ये आहेत, बेसमध्ये नाहीत. बाटलीतच दुसऱ्यांदा आंबवलेल्या वाइनमध्ये लिटरमागे साधारण 10 ते 12 ग्रॅम कार्बन डायऑक्साइड विरघळलेला असतो. त्यात एक चतुर्थांश बेस मिसळला की फार तर 8-9 ग्रॅम उरतो, आणि ओतताना जो उडून जातो तो वेगळाच. बेस एक तृतीयांशाकडे सरकला की ही घट लगेच जिभेला कळते. त्यामुळे बेसमधल्या प्रत्येक मिलीने आपली जागा कमवायला हवी. साधं पाणी मी त्यातून पूर्ण काढून टाकलं.

बेस

सध्याचं माप असं: जाड सालीची चार पिवळी लिंबं आणि दोन संत्री यांच्या साली, 160 ग्रॅम साखर, गाळलेला लिंबाचा रस 200 मिली, कडक काळा चहा 300 मिली, ब्रँडी 150 मिली. विरघळलेली साखर साधारण 100 मिली जागा घेते, म्हणजे बेरीज 750. रिकामी वाइनची बाटली धुऊन बेस तिच्यातच भरते, मापायचं काम संपलं.

यातला सगळ्यात आनंदाचा भाग सालींचा. सोलाण्याने फक्त रंगीत साल काढायची. आतला पांढरा भाग आला की कडवटपणा आलाच. सुगंधी तेल रंगीत थरातल्या बारीक पिशव्यांमध्ये असतं आणि साखर ते ओढून घेते. साली साखरेत टाकून लाकडी दांड्याने चांगल्या चुरडायच्या, झाकण लावायचं आणि बाजूला ठेवायचं. तासाभराने झाकण उघडून पाहा: साखर ओलसर होऊन सालींना चिकटलेली असते, सालींच्या कडा आत वळू लागतात. आणखी चार-पाच तासांनी साली आक्रसून चामट होतात आणि तळाशी दाट, पिवळसर पाक जमतो. त्याचा वास रसाच्या वासापेक्षा खूप खोल असतो. रसातून आंबटपणा मिळतो, लिंबाचा खरा सुगंध सालीतूनच येतो. थोडी साखर तळाला न विरघळता राहते, तिला हात लावू नका. लिंबाचा रस ओतून ढवळलं की तीही विरघळते. मग साली काढून, पिळून, पाक गाळून घ्यायचा.

हा पाक गॅसवर करता येतो, पण करू नये असं माझं ठाम मत आहे. उष्णतेने वरचा ताजा सुगंध उडतो आणि शिजलेल्या सालीचा वास मागे राहतो.

चहा का, हे बऱ्याच जणांनी विचारलं होतं. चहातल्या टॅनिनमुळे, म्हणजे तुरटपणा देणाऱ्या घटकामुळे, पंचला अंग येतं. नुसतं लिंबू, साखर आणि वाइन एकत्र केलं की चव पुढच्या पुढे निघून जाते, मागे काही रेंगाळत नाही. पण गरम पाण्यात जास्त वेळ ठेवलेला चहा वाइनच्या आंबटपणासोबत तुरट होतो, तोंड कोरडं पडतं. म्हणून मी चहा थंड पाण्यातच भिजवते. 350 मिली पाण्यात 10 ग्रॅम पत्ती, फ्रीजमध्ये सात-आठ तास. पत्ती थोडं पाणी धरून ठेवते, गाळल्यावर 300 मिली सहज मिळतं. तुरटपणा बेताचा आणि चहाचा सुगंध शाबूत.

आधीच्या मापात ब्रँडी 250 मिली होती, आता 150 वर आणली आहे. आधी वाटलं होतं की पंच पातळ वाटेल, पण चहाने ती उणीव भरून काढली. 12 टक्क्यांची वाइन आणि 40 टक्क्यांची ब्रँडी धरली तर तयार पंचमध्ये अल्कोहोल साधारण 11 टक्के येतं, म्हणजे जवळपास वाइनएवढंच. साखर आणि थंडाव्यामुळे ते जाणवत नाही, म्हणून बाऊलशेजारी हा आकडा लिहून ठेवते. पाहुण्यांना आपण काय पितोय ते माहीत असायला हवं, विशेषतः ज्यांना गाडी चालवायची आहे त्यांना.

ब्रँडी बेसमध्ये शेवटी घालते, त्याचं आणखी एक कारण आहे. ब्रँडी घालण्याआधीचा थोडा बेस बाजूला काढून थंडगार सोड्यात एकास तीन मिसळला की न पिणाऱ्यांसाठीही तितक्याच मेहनतीचं पेय तयार होतं. त्यासाठी तेवढा बेस वाढवून करावा, उरलासुरला देऊ नये.

साल-साखर आणि चहा आदल्या दिवशी चालतात. लिंबाचा रस मात्र त्याच दिवशी काढायचा, शिळा रस लगेच ओळखू येतो. आणि तो गाळायचा तो बारीक गाळणीतून, नंतर मलमलच्या कापडातून. गराचे कण पंचमध्ये गेले की प्रत्येक कणावर वायू जमून बाहेर पडतो. वाइन ओतताना पांढऱ्या फेसाचा डोंगर उठतो आणि पाच मिनिटांत सगळं शांत होतं. बेस गाळण्याचा कंटाळा केला तर महागातली वाइनसुद्धा वाचवू शकत नाही.

वाइन कोणती

महागडी शॅम्पेन पंचमध्ये घालू नका. वर्षानुवर्षं मृत यीस्टवर ठेवून तिच्यात जो भाजलेल्या ब्रेडचा, सुकामेव्याचा सुगंध येतो, तो लिंबू आणि चहाखाली दबतो. ती नुसतीच प्यावी. स्पेनची काव्हा किंवा फ्रान्सची क्रेमाँ या स्पार्कलिंग वाइन मला पंचसाठी सगळ्यात आवडतात: दुसरी आंबवणी बाटलीतच होते, दाब चांगला असतो, चव स्वच्छ असते. टाकीत आंबवलेली इटलीची प्रोसेकोही चांगली चालते, पण लेबल वाचून घ्या, कारण ती स्पुमांते (पूर्ण स्पार्कलिंग) आणि फ्रिझांते (हलक्या बुडबुड्यांची) अशा दोन्ही प्रकारांत मिळते. युरोपीय संघाच्या नियमांप्रमाणे स्पार्कलिंग वाइनला 20 अंश सेल्सिअसला किमान 3 बार दाब लागतो, फ्रिझांते 1 ते 2.5 बारमध्येच असते. बेस मिसळल्यावर तिच्यात फारसा जोर उरत नाही.

गोडीच्या बाबतीत ब्रूट घ्या, म्हणजे लिटरला 12 ग्रॅमपेक्षा कमी साखर. ‘एक्स्ट्रा ड्राय’ नावावरून जास्त कोरडी वाटते, प्रत्यक्षात तिच्यात 12 ते 17 ग्रॅम साखर असते. गोडी आपल्या हातात राहावी, ती पाकातून यावी. म्हणूनच ब्रूट.

थंडी आणि बर्फ

द्रव जितका थंड, तितका वायू त्यात जास्त टिकतो. म्हणून पंच बर्फाने थंड करायचं नाही, आधीच थंड असलेल्या गोष्टींचं करायचं आणि बर्फाने ते तसंच राखायचं. बेस, वाइन, बाऊल, डाव, सगळं फ्रीजमध्ये. बाटल्या शेवटचा अर्धा तास बर्फ आणि पाणी निम्मं-निम्मं भरलेल्या बादलीत, मानेपर्यंत बुडवून. नुसत्या बर्फापेक्षा पाण्यासकट बर्फ लवकर काम करतो, कारण पाणी बाटलीला सगळीकडून भिडतं. फ्रीझरमध्ये बाटली विसरलात तर ती फुटू शकते, त्या वाटेला जाऊच नका.

बाऊलमध्ये बर्फाचे खडे नकोत, एकच मोठा ठोकळा हवा. 10 सेंटिमीटर बाजूच्या ठोकळ्याचं पृष्ठफळ 600 चौरस सेंटिमीटर भरतं. तेवढ्याच बर्फाचे अडीच सेंटिमीटरचे खडे केले तर 64 खडे होतात आणि पृष्ठफळ 2400 होतं. चौपट पृष्ठभाग, त्यामुळे वितळणंही कितीतरी भरभर.

काचेसारखा पारदर्शक ठोकळा हवा असेल तर जाड भिंतींच्या छोट्या आइसबॉक्समध्ये पाणी भरून, झाकण काढून तो फ्रीझरमध्ये ठेवा. पाणी फक्त वरून खाली गोठत जातं आणि विरघळलेली हवा तळाकडे ढकलली जाते. पूर्ण गोठण्याआधी बाहेर काढला तर तळचं पाणी ओतून देता येतं आणि वरचा स्वच्छ बर्फ हाती येतो. बाऊलमध्ये ठेवण्याआधी ठोकळा थंड पाण्याखाली धुवून घ्या. फ्रीझरमधून थेट काढलेल्या बर्फावर भुरभुरीत, खरखरीत थर असतो, त्यावर वाइन पडली की फेस उसळतो. धुतला की तो गुळगुळीत होतो.

ओतणं

बूच काढायची घाई नको. वरचा कागद काढायचा, अंगठा बुचावर ठेवूनच तारेचा फास सहा अर्ध्या वळशांत सैल करायचा. 1844 मध्ये शॅम्पेन बनवणारे आदोल्फ जॅकसन यांनी या तारेच्या फासाचं पेटंट घेतलं, त्याआधी बुचं दोऱ्याने बांधत. बाटली 45 अंशांत तिरकी, तोंड माणसांपासून दूर, बूच घट्ट धरून बाटली फिरवायची. बूच मोठ्या आवाजाने उडालं तर त्यासोबत वायू आणि वाइनही गेली. हळूच सुस्कारा ऐकू आला की बरोबर.

बाऊलमध्ये आधी बेस, मग ठोकळा, मग वाइन. वाइन मधोमध उंचावरून ओतू नये. डाव तिरका धरून त्याच्या पाठीवरून, बाऊलच्या कडेने ती घरंगळू द्यायची. फ्रान्समधल्या रँस विद्यापीठातल्या जेरार लिजे-बेलेर यांच्या गटाने 2010 मध्ये शॅम्पेनवर हेच मोजून दाखवलं: तिरक्या ग्लासच्या कडेने ओतल्यावर सरळ ओतण्यापेक्षा जास्त वायू टिकतो, आणि वाइन जितकी थंड, तितकं नुकसान कमी. ढवळणं म्हणजे डाव तळाशी नेऊन दोनदा अलगद वर आणणं, बस.

ग्लासमध्ये बुडबुड्यांच्या ज्या सुंदर माळा वर येतात, त्या बहुतेक वेळा काचेला चिकटलेल्या कापडाच्या अतिसूक्ष्म तंतूंपासून सुटतात. पेल्यात त्या हव्याहव्याशा, बाऊलमध्ये मात्र नकोत. म्हणून बाऊल गुळगुळीत काचेचं, गरम पाण्याने धुतलेलं आणि कापडाने न पुसता उपडं ठेवून वाळवलेलं. पेले मात्र खुशाल पुसा. तसंच जायफळ किसायचं ते पेल्यावर, बाऊलवर नाही, कारण जायफळाचा प्रत्येक कण वायू सोडवतो. वर तरंगायला लिंबाच्या पातळ, पूर्ण चकत्या पुरेत. कापलेली मऊ फळं रस आणि गर सोडत राहतात.

तीनही बाटल्या एकदम ओतू नका. 250 मिली बेसला एक बाटली, तो घाणा संपत आला की पुढचा. बादलीतली बंद बाटली बाऊलपेक्षा कधीही ताजी. पहिल्या पेल्याला जी धार असते ती शेवटच्या पेल्यालाही मिळते. एकास तीन प्रमाणाचा मला वाटणारा आणखी एक मोठा फायदा म्हणजे हिशोब डोक्यात राहतो आणि गप्पांमध्ये चुकत नाही.

पुढचा प्रयोग दुधाचा. बेस थंड दुधात हळूहळू ओतला की दूध फाटतं, आणि तो चोथा कापडात बसू दिला की त्याच थरात गढूळपणा आणि टॅनिनचा बराच भाग अडकून जवळपास नितळ बेस खाली येतो. गराचा प्रश्न मुळातूनच सुटेल. चहा मात्र थोडा कडक करावा लागेल, कारण त्याचंच टॅनिन दूध ओढून घेणार. पार्टीत देताना दुधाचा उल्लेख पाटीवर हवाच, ज्यांना दूध चालत नाही त्यांच्यासाठी. 300 मिली चहाला पत्ती 14 ग्रॅमपर्यंत वाढवून सुरुवात करणार आहे. कुणी दुधाने नितळलेला बेस स्पार्कलिंग वाइनसोबत वापरला असेल तर फेस कसा वागला ते नक्की सांगा.