चौथी ओळ

जुन्या गोव्यात मराठी ग्रुप फिरवताना राणी केतेवानपाशी आलं की माझं एक वाक्य ठरलेलं असायचं : "ही जॉर्जियाची सनातनी ख्रिस्ती राणी." ऑर्थोडॉक्सला मराठीत चटकन दुसरा शब्द सुचत नाही, आणि सनातनी म्हटलं की ऐकणाऱ्याच्या डोळ्यासमोर काहीतरी उभं राहतं. जे उभं राहतं ते भलतंच असतं, हे मला त्या दिवशी संध्याकाळी रायबंदरला उमगलं.

कोल्हापूरकडच्या एका कॉलेजची इतिहासाची बावीस मुलं होती, सोबत त्यांचे सर. सकाळी साडेनऊला होली हिलवर, सेंट ऑगस्टीनच्या मनोऱ्याखाली उभे होतो. मनोरा ४६ मीटरचा, जांभ्या चिऱ्यांचा, १६०२ मधला. १८३५ मध्ये पोर्तुगीज सरकारने मठ रिकामे करायला लावले, १८४२ मध्ये मुख्य कमान कोसळली आणि १९३१ मध्ये दर्शनी भाग अर्ध्या मनोऱ्यासकट खाली आला. लोक मनोऱ्याचे फोटो काढतात आणि निघतात. खरी गोष्ट आत, साधूंच्या सभेच्या कापेलात, म्हणजे छोट्या प्रार्थनागृहात आहे.

केतेवान ही जॉर्जियातल्या काखेती राज्याची राणी. इराणच्या शाह अब्बासने तिला शिराझमध्ये ओलीस ठेवलं. धर्म सोडायला तिने नकार दिला, म्हणून १६२४ मध्ये हालहाल करून मारलं. तिथल्या पोर्तुगीज ऑगस्टिनियन साधूंनी अवशेष लपवून बाहेर काढले. त्यातला एक भाग जॉर्जियात तिच्या मुलाकडे गेला, आणि त्या जोरावर साधूंना तिथे मठ काढायची परवानगी मिळाली. एक भाग १६२७ मध्ये गोव्यात आला. हाडांचं राजकारण म्हणतात ते हे.

जुन्या पोर्तुगीज कागदांत पत्ता दिलेला होता : कापेलात एपिसलच्या बाजूला, दुसऱ्या खिडकीपाशी, काळ्या दगडाच्या पेटीत. एपिसलची बाजू म्हणजे वेदीकडे तोंड करून उभं राहिलं की उजवा हात. पण छप्पर नाही, भिंती खचलेल्या, मग दुसरी खिडकी कुठली? आधी ढिगारा उपसून जमिनीचा नकाशा लावावा लागला, तेव्हा कुठे २००४ मध्ये पुरातत्त्व खात्याला हाताचं हाड सापडलं. हैदराबादच्या सीसीएमबी या जीवशास्त्र संशोधन संस्थेने त्याचा आईकडून येणारा डीएनए काढला. तो यू-१-बी गटाचा निघाला. भारतीय उपखंडातल्या बावीस हजारांवर नमुन्यांत हा गट एकदाही नव्हता, आणि तीस जॉर्जियनांत दोघांत होता. सोबतच्या इतर दोन हाडांचे गट मात्र भारतीय. २०२१ मध्ये भारताने अवशेषांचा एक भाग जॉर्जियाला भेट दिला.

इथपर्यंत रोजचंच. त्या दिवशी कापेलात एक जॉर्जियन बाई आधीच उभी होती, डोक्यावर रुमाल. तिने तीन बोटं जुळवून क्रूस काढला : कपाळ, पोट, मग उजवा खांदा आणि शेवटी डावा. एका मुलीने लगेच पकडलं, "सर, उलटा काढला का? आपल्याकडचे ख्रिश्चन डावीकडून उजवीकडे काढतात." निरीक्षण अचूक होतं. गोव्यातले कॅथलिक आधी डावा खांदा धरतात.

निघताना बाईंनी इंग्रजीत विचारलं, "इथे आमचं ऑर्थोडॉक्स चर्च आहे का? आज प्रार्थना मिळेल का?" मी बेधडक म्हणालो, "आहे ना, पाच किलोमीटरवर, रायबंदरला. आम्हीही संध्याकाळी तिथेच जातोय. तुमचंच चर्च." शेवटचे दोन शब्द चुकीचे होते.

दुपारी बसमध्ये सरांनी माईक माझ्या हातात दिला. "ऑर्थोडॉक्स म्हणजे नक्की काय ते सांगा." मूळ ग्रीक शब्दात 'ऑर्थोस' म्हणजे नीट, सरळ, आणि 'डॉक्सा' म्हणजे मत, शिवाय गौरवही. जुनं ते धरून बसणं असा त्याचा अर्थ नाही. आणि हे नाव दोन वेगवेगळी कुटुंबं लावतात, गेली सुमारे दीड हजार वर्षं एकमेकांच्या पंक्तीला न बसणारी.

फूट पडली ती ४५१ मध्ये, काल्केडॉनच्या धर्मसभेत. प्रश्न असा : येशू पूर्ण देव आणि पूर्ण माणूस, हे दोघांनाही मान्य. मग त्याचे 'फिसिस' किती, एक की दोन? हा शब्द मराठीत आणताना माझी नेहमी पंचाईत होते. 'प्रकृती' म्हणावं तर सांख्य दर्शन आडवं येतं, आणि बोलण्यात तर 'दोन प्रकृती' म्हणजे कोणी आजारी असल्यासारखं वाटतं. 'स्वभाव' म्हणावं तर रागीट की शांत असा प्रश्न येतो. तरी मी 'स्वभाव'च वापरतो, पण मूळ असणं या अर्थाने, असं आधी बजावून.

काल्केडॉन म्हणालं, ख्रिस्त 'दोन स्वभावांत' ओळखला जातो. अलेक्झांड्रियाचा धर्मप्रमुख डायोस्कोरस म्हणाला, 'दोन स्वभावांतून' मान्य, 'दोन' अमान्य. एकत्र आल्यावर पुन्हा मोजायचे कशाला? ग्रीकमध्ये तो 'एन' (मध्ये) आणि 'एक' (मधून) या दोन शब्दयोगींचा फरक आहे. मराठीत तर नुसत्या 'ऊन'चा. इथे मुलं एकदम जागी झाली.

"म्हणजे आपलं द्वैत-अद्वैतच," मागून एकजण म्हणाला. नव्हे. तिथे जीव आणि ब्रह्म यांचं नातं चर्चेला असतं, जे सगळ्यांना लागू. इथे एकाच व्यक्तीबद्दल वाद आहे, आणि ती व्यक्ती एकच, यावर दोन्ही बाजूंचं एकमत. तुलना सोपी म्हणून गाईड लोक ती करतात. मीही केली आहे.

पण नुसता शब्दाचा वाद दीड हजार वर्षं टिकत नाही. त्याच सभेत डायोस्कोरसला पदावरून काढलं, आणि राजधानी कॉन्स्टँटिनोपलला ३८१ मध्ये मिळालेला रोमच्या खालोखालचा मान पक्का केला. तो मान त्याआधी अलेक्झांड्रियाचा होता. सम्राटाला एक साम्राज्य, एक सूत्र हवं होतं. इजिप्त आणि सीरियाने ते मोठ्या प्रमाणावर नाकारलं. जॉर्जिया आधी नाकारणाऱ्यांत होता, सातव्या शतकाच्या सुरुवातीला शेजारच्या आर्मेनियाशी फारकत घेऊन तो काल्केडॉनकडे गेला. म्हणून केतेवान त्या बाजूची.

आणि रायबंदरचं चर्च या बाजूचं. ते केरळातल्या मलंकरा परंपरेचं आहे. त्या परंपरेची गंमत गोव्यातूनच सुरू होते. होली हिलवर सांता मोनिकाचा मठ दिसतो ना, तो आर्चबिशप आलेइशो द मेनेझिस याने काढला. तोही ऑगस्टिनियनच. १५९९ मध्ये उदयंपेरूरच्या सभेत त्याने केरळच्या ख्रिस्त्यांना रोमच्या शिस्तीत बसवलं आणि त्यांचे सिरियाक भाषेतले ग्रंथ पाखंडी म्हणून जाळायला लावले. आरोप नेस्टोरियनपणाचा, म्हणजे ख्रिस्तात दोन वेगळ्या व्यक्ती मानता असा. १६५३ मध्ये मट्टनचेरीला त्यातल्या अनेकांनी रोमच्या जेझुइट पाद्र्यांचा अंमल झुगारायची शपथ घेतली. १६६५ मध्ये अँटिओकच्या, म्हणजे काल्केडॉन नाकारणाऱ्या सिरियाक परंपरेचा बिशप आला, आणि हळूहळू ही मंडळी 'एक' म्हणणाऱ्यांच्या पंक्तीत जाऊन बसली. ज्यांच्यावर जास्त 'दोन' म्हटल्याचा ठपका होता तेच.

साडेपाचला रायबंदरला पोचलो. बाई टॅक्सीने आल्या होत्या. आत आल्व्हारिस मार जुलिअस यांची कबर आहे. वेर्णे गावचे हे कॅथलिक पाद्री, जन्म १८३६ चा. पोर्तुगीज वृत्तपत्रं चालवत आणि वरिष्ठांना खुपत. १८८६ च्या करारात पोर्तुगाल आणि रोम यांनी भारतातल्या चर्चवरचे अधिकार नव्याने वाटून घेतले. त्या काळच्या असंतोषातून ते मलंकरा चर्चकडे गेले. १८८९ मध्ये कोट्टायमला बिशप झाले. १९२३ मध्ये वारले, सांतिनेजच्या दफनभूमीत पुरले. २००१ मध्ये अवशेष इथे आणले. एका राज्यात दोन ऑर्थोडॉक्स कबरी, आणि दोघांना एकमेकांचं कम्युनियन, म्हणजे पवित्र भोजन, चालत नाही.

बाईंनी चपला काढल्या, पण आत येताच थबकल्या. वेदीपुढे त्यांच्याकडे प्रतिमांची भिंत असते. इथे पडदा होता. फादरनी हसून विचारपूस केली आणि हळू आवाजात सांगितलं : प्रार्थनेला जरूर थांबा, पवित्र भोजनाचा प्रश्न आज नाही, पण रविवारी आलात तर तो देता येणार नाही. मी कानकोंडा झालो. बाईंनी माझ्याकडे एकदा पाहिलं, बोलल्या काही नाहीत.

प्रार्थना मल्याळममध्ये सुरू झाली. 'देवा, तू पवित्र. सामर्थ्यवंता, तू पवित्र. अमर्त्या, तू पवित्र' अशा अर्थाच्या तीन ओळी. शब्द कळत नसले तरी ठेका ओळखीचा असावा, कारण बाईंचे ओठ जॉर्जियनमध्ये सोबत हलू लागले. चौथ्या ओळीला इथे 'आमच्यासाठी क्रूसावर खिळलेल्या' येतं, मग 'आमच्यावर दया कर'. काल्केडॉनवाले ही स्तुती त्रैक्याला (पिता, पुत्र, पवित्र आत्मा) उद्देशून म्हणतात, म्हणून त्यांना तो तुकडा खपत नाही. सिरियाक परंपरा ती ख्रिस्ताला म्हणते, तिला त्यात वावगं दिसत नाही. ५१२ मध्ये हाच तुकडा राजधानीच्या उपासनेत घातल्यावर कॉन्स्टँटिनोपलमध्ये दंगल पेटली, आणि सम्राट अनास्तासियस मुकुटाशिवाय लोकांपुढे येऊन सिंहासन सोडायची तयारी दाखवता झाला.

इथे फक्त एक हात थांबला. सगळ्यांचे हात कपाळाकडून डाव्या खांद्याकडे जात असताना बाईंची तीन बोटं छातीपाशी तशीच राहिली. ओळ तीनदा आली, तिन्ही वेळा तसंच. 'दया कर'ला मात्र हात पुढे गेला, उजव्या खांद्याला.

बसमध्ये त्या सकाळच्या मुलीने वही काढली. "रिपोर्टात राणीला सनातनी लिहिलंय. काय करू?"

"खोड."

"आणि त्या जागी?"

"जॉर्जियन ऑर्थोडॉक्स. आणि इथलं फाटकावरच्या पाटीवर आहे तसंच उतरवून घे, सिरियन शब्द गाळू नकोस."

ती पाटी वाचायला परत खाली उतरली.