जन्मस्थान: ठाणे

या खेपेला मुंबईला उतरलो आणि सवयीने भारतीय पासपोर्टच्या रांगेत जाऊन उभा राहिलो. बायकोने बाही धरून ओढलं. "अहो, आपली रांग ती." ती म्हणजे परदेशी आणि ओसीआयवाल्यांची (ओसीआय, म्हणजे परदेशी नागरिक झालेल्या मूळच्या भारतीयांना मिळणारं कार्ड). पाच मिनिटांत सुटलो, तरी मुलुंड चेकनाका येईपर्यंत टॅक्सीत मी कुणाशी बोललो नाही.

बाबांना सांगायचं राहिलं होतं. राहिलं कसलं, टाळलं होतं.

दुसऱ्या दिवशी संध्याकाळी तलावपाळीला त्यांच्या कट्ट्यावर गेलो. ओळख नेहमीचीच. "हा आमचा धाकटा. टारझनच्या गावात असतो." बाबांचा टारझन एकच, जॉनी वाइसमुलर, शाळा बुडवून पाहिलेला. मला पोहायला शिकवलं तेही आजोळच्या विहिरीत, पाठीला पत्र्याचा डबा बांधून, आणि काठावरून आरडाओरडा, "मान वर! टारझनची बघ कशी असते!" (तो खरंच डोकं पाण्याबाहेर काढून पोहायचा. माझी मान त्या सुट्टीपासून धरलेली आहे ती आहेच.)

शिकागोच्या मिशिगन अव्हेन्यूवर त्याचा इलिनॉय ॲथलेटिक क्लब होता. इमारत उभी आहे, आता तिथे कलाशाळा भरते. बाबांसाठी फोटो काढून आणला होता, तो कट्ट्यावर हातोहात फिरला. मग मीही चढलो. १९२२ मध्ये या पठ्ठ्याने १०० मीटर ५८.६ सेकंदांत मारलं, मिनिटाच्या आत येणारा जगातला पहिला. १९२४ ला पॅरिसमध्ये तीन सुवर्णपदकं, वर वॉटरपोलोचं कांस्य. १९२८ ला ॲमस्टरडॅममध्ये आणखी दोन सुवर्ण. सिनेमा नंतरचा, १९३२ ते १९४८ मध्ये बारा टारझनपट.

इथे थांबायला हवं होतं. पण रांगेचं डोक्यात होतंच. म्हटलं, "बाबा, तुमचा टारझन काही शिकागोत जन्मलेला नाही हं. फ्राइडॉर्फचा. तेव्हा ते ऑस्ट्रिया-हंगेरीत होतं, आज रुमानियात आहे. सात महिन्यांचं पोर आईबापाबरोबर बोटीने अमेरिकेत आलं." ऑलिंपिकला अमेरिकेकडून जायचं तर अमेरिकेचा पासपोर्ट हवा. तेव्हा त्याने जन्मगाव लावलं पेन्सिल्व्हेनियातलं विंडबर. तिथे जन्मला होता त्याचा धाकटा भाऊ, पीटर.

"म्हणजे खोटं बोलला," जोशीकाका म्हणाले.

मी असा काही तुटून पडलो की शेंगदाणेवालाही बघायला लागला. खोटं कसलं? ज्या देशाच्या पाण्यात वाढला त्याच्यासाठीच पोहला ना? १९२७ मध्ये मिशिगन सरोवरात बोट उलटली, तेव्हा हे दोघे भाऊ तिथे सराव करत होते. पाण्यात सूर मारून मारून माणसं काढली त्यांनी, तेव्हा कुणी विचारलं का, तू मूळचा कुठला? आणि आपल्याकडे तरी काय, डोंबिवलीत जन्मलेला माणूस तीस वर्षं ठाण्यात राहिला की ठाणेकर होतोच ना? शिवाय मी तर काहीच लपवलेलं नाही. माझ्या नव्या पासपोर्टवरसुद्धा...

बोलून गेलो.

बाबा तलावाकडे बघत होते. पायडलची बोट मधोमध अडकली होती आणि आतली दोन पोरं एकमेकांवर ओरडत होती.

"जुना काय केलास?" बाबांनी विचारलं.

"कोपरा कापून, रद्द करून परत देतात. बॅगेत आहे. आणि नव्यावर जन्मस्थानाच्या जागी इंडिया आहे, बाबा. ओसीआयच्या अर्जात तर ठाणे लिहिलंय."

"हं."

पुडीतले शेवटचे दाणे त्यांनी माझ्या हातावर ओतले. आईकडून त्यांना आधीच कळलं असणार, असं मला आता वाटतं. तेव्हा मात्र मी ओसीआयचे फायदे सांगत सुटलो: आजन्म व्हिसा, घर घेता येतं, पोलिसांकडे नोंदणी नाही. जोशीकाकांनी मतदानाचं विचारलं. ते नाही, म्हणालो.

"त्या पीटरचं गाव ह्याने लावलं," बाबा मधेच म्हणाले. "मग पीटरने कुठलं सांगितलं?"

तेवढ्यात दादाचा हॉर्न वाजला. रोज सातला तो बाबांना न्यायला येतो, गाडी रस्त्यातच उभी करून. मागचे रिक्षावाले बोंबलायला लागले होते. बाबा पुढे दादाच्या शेजारी बसले, मी मागे.